विंड टनेलचा आकडा का नाचतो, आणि लष्करी प्रयोगशाळांच्या इतिहासाशी त्याचा काय संबंध

प्रश्न थोडक्यात असा आहे. कळव्याचे तीन विद्यार्थी ऐरोलीच्या एका कॉलेजात मेकॅनिकलच्या तिसऱ्या वर्षाला आहेत. प्रदर्शनाचा विषय मिळालाय ‘लष्करी हवाई संशोधनाचा आणि त्याच्या प्रयोगशाळांचा इतिहास’. सरांनी टाइमलाइनचा बॅनर आणि सोबत एखादं चालतं मॉडेल करायला सांगितलंय. मुलांनी विंड टनेल, म्हणजे पंख जागेवर धरून त्यावरून वारा सोडायची आणि मोजमाप करायची बोगद्यासारखी पेटी, करायला घेतली: पुठ्ठ्याच्या लांबट खोक्याच्या तोंडाशी १२ इंची एक्झॉस्ट फॅन लावला, आत थर्माकोलचा पंख टांगला आणि खाली स्वयंपाकघरातला डिजिटल काटा ठेवला. उदबत्तीचा धूर पंखापर्यंत पोचायच्या आतच विस्कटतो आणि काट्यावरचा आकडा ५ ते ४० ग्रॅममध्ये नाचत राहतो. आकडा स्थिर कसा करायचा, आणि हे मॉडेल इतिहासाशी जोडायचं कसं, असं त्यांनी विचारलंय.

हे दोन वेगळे प्रश्न धरलेत म्हणूनच अडलंय. टनेलमधला आकडा खऱ्या विमानाशी का जुळत नाही, या एकाच प्रश्नावर या प्रयोगशाळा उभ्या राहिल्या. न जुळण्याची कारणं चार-पाचच आहेत आणि प्रत्येक कारण हटवायला कुठे ना कुठे नवी इमारत बांधावी लागली. लष्करानं त्यात पैसा ओतला, कारण टनेलचा आकडा चुकीचा होता हे विमान बांधून, उडवून झाल्यावरच कळतं आणि तोवर वर्षं आणि पैसे गेलेले असतात. म्हणून माझं स्पष्ट मत, टाइमलाइन लावूच नका. सनावळ्या वाचायला कोणी थांबत नाही. एकेक अडचण घ्या, ती कोणी कशी सोडवली ते लिहा आणि आपल्या टनेलमधल्या त्या भागाकडे बाण दाखवा.

काही गोष्टी तुमच्याकडे काय आहे त्यावर ठरतील: खोली किती लांब आहे, फॅन कोणता मिळतो, पत्रा वाकवून देणारा कोणी ओळखीचा आहे का. खालची मापं सुमारे ६ मीटर लांब खोली मिळेल असं धरून देतोय. तेवढी नसेल तर सगळी मापं सरसकट पाऊणपट करा. एकच भाग छाटू नका. मुलं हमखास डिफ्यूझर (पंखामागचा हळूहळू रुंदावणारा भाग) छाटतात आणि तिथेच फसतात.

आधी तुमचं निदान, तीच पहिली अडचण: हवा सरळ येत नाही. फॅन तोंडाशी लावून हवा आत ढकलली की पात्यांनी दिलेली फिरकी थेट पंखावर येते. धूर विस्कटतो तो त्यामुळे. १८७१ मध्ये फ्रान्सिस वेनहॅमनं इंग्लंडमध्ये पहिला विंड टनेल बांधला, सुमारे १२ फूट लांब आणि १८ इंच चौरस, वाफेच्या इंजिनावर फिरणाऱ्या पंख्याचा. त्यातही हवा सरळ येत नव्हती. राइट बंधूंनी १९०१ च्या शरद ऋतूत केलेला टनेल म्हणजे ६ फूट लांब, १६ इंच चौरस लाकडी पेटी आणि ताशी साधारण ३० मैलांचा वारा. तो नीट चालवायला शिकण्यातच त्यांचा जवळजवळ महिना गेला. खोलीत माणूस जागचा हलला तरी त्यांचं माप बिघडायचं. तुमचाही टनेल उघड्या प्रकारचा, म्हणजे खोलीतली हवा ओढून खोलीतच सोडणारा असणार. तेव्हा प्रदर्शनात माप घेताना समोर गर्दी नको आणि डोक्यावरचा सिलिंग फॅन बंद हवा.

फॅन मागे न्या आणि हवा ढकलण्याऐवजी ओढा. १२ इंची फॅन या मापांना पुरणार नाही. १८ इंची, १४०० आरपीएमचा हेवी ड्यूटी एक्झॉस्ट घ्या. २० सेंटीमीटर चौरस टेस्ट सेक्शनमध्ये, म्हणजे पंख बसतो त्या भागात, त्यातून सेकंदाला १० ते १४ मीटर वेग मिळावा. पात्यांच्या घडणीवर थोडं कमी-जास्त होईल. वेग कमी करायला सिलिंग फॅनचा रेग्युलेटर लावू नका, त्या मोटरला तो मानवत नाही, ती तापते. त्याऐवजी डिफ्यूझरच्या शेवटी, फॅनच्या जवळ, बाजूला एक सरकतं झाकण ठेवा. ते उघडलं की फॅन थोडी हवा तिथून घेतो आणि टेस्ट सेक्शनमधला वेग उतरतो. मोटरला त्रास नाही आणि वेग हवा तसा जुळवता येतो.

आता पुढून मागे जाऊ.

तोंडाशी ५० सेंटीमीटर चौरस आणि ४० सेंटीमीटर लांब पेटी हवी, हे सेटलिंग चेंबर. त्यात आधी हनिकोंब, म्हणजे हवा सरळ करणाऱ्या नळ्यांचा जुडगा, मग जाळ्या. हनिकोंबसाठी स्ट्रॉ शोधत बसू नका. प्लॅस्टिकच्या स्ट्रॉवर बंदी आहे आणि कागदी स्ट्रॉ पावसाळ्यात फुगतात. दुकानांच्या पाट्यांना वापरतात ती ५ मिलिमीटरची सनपॅक शीट आणा. तिच्या आत आधीच चौकोनी नळ्या असतात. नळ्या ५ सेंटीमीटर लांब राहतील अशा बेतानं ५० सेंटीमीटर रुंद पट्ट्या कापा आणि १०० पट्ट्या एकावर एक रचा. ८ बाय ४ फुटांच्या एका शीटमध्ये काम भागतं. नळीची लांबी रुंदीच्या दहापट झाली, फिरकी मारायला तेवढी पुरते. ब्लेड नवं ठेवा, बोथट ब्लेडनं नळ्यांची तोंडं चेपतात आणि चेपलेल्या जागेमागे वेग कमी येतो. गोंद अगदी थोडा, फक्त कडांना.

हनिकोंबमागे १० सेंटीमीटरवर एक आणि त्यामागे आणखी १० सेंटीमीटरवर दुसरी फायबरग्लासची डासांची जाळी, चौकटीवर ताणून बसवलेली. साधी खिडकीची जाळी चालते, कारण तिचं उघडं क्षेत्र साठ टक्क्यांच्या वर असतं. याहून दाट जाळी लावली तर तारांमधून निघणाऱ्या बारीक झोतांच्या जोड्या जुळतात आणि प्रवाह उलट असमान होतो. ‘जाळी जितकी बारीक तितकी चांगली’ हा समज इथे बाद.

पुढचा भाग नरसाळं, म्हणजे काँट्रॅक्शन. ५० चौरसापासून २० चौरसापर्यंत, क्षेत्रफळाचं गुणोत्तर ६.२५, लांबी ६० सेंटीमीटर. सरळ उतरत्या भिंती ठेवू नका, दोन्ही टोकांना कोपरा राहतो आणि तिथे हवा भिंत सोडते. मध्यरेषेपासून भिंतीचं अंतर असं ठेवा: सुरुवातीला २५, मग १५ सेंटीमीटरवर २३.४५, ३० वर १७.५, ४५ वर ११.५५ आणि ६० वर १० सेंटीमीटर. मधले बिंदू पाचव्या घाताच्या बहुपदीतून काढता येतात: एकूण उतार १५ सेंटीमीटर, त्याला ६x⁵ − १५x⁴ + १०x³ नं गुणायचं आणि २५ मधून वजा करायचं. इथे x म्हणजे लांबीचा अंश, ० ते १. ०.८ मिलिमीटरच्या जीआय पत्र्याच्या चार पट्ट्या लागतील. रबाळे-महापेच्या एमआयडीसीत एसीचं डक्टिंग करणारे लोक हे एका दिवसात करून देतात, फक्त नमुना तुम्ही काढून द्या. त्यात एक खोच आहे. पट्टीची रुंदी मध्यरेषेवरच्या अंतराप्रमाणे आखली तर जोडताना फटी पडतात. ती वक्रावरून मोजलेल्या लांबीप्रमाणे आखायची. ६० सेंटीमीटरच्या नरसाळ्याला पट्टी साधारण साडेबासष्ट सेंटीमीटर लागते.

टेस्ट सेक्शन ४० सेंटीमीटर लांब, ५ मिलिमीटर ॲक्रिलिकचा, वरचं झाकण निघणारं. डिफ्यूझर २० चौरसापासून ४० चौरसापर्यंत, १.८५ मीटर लांब, ६ मिलिमीटर प्लायचा आणि आतून-बाहेरून इनॅमलचे दोन हात. प्रत्येक भिंत ३ अंशांच्या किंचित वर उघडते. याहून वेगानं उघडली की हवा एका भिंतीला सोडते, पुन्हा चिकटते, पुन्हा सोडते, आणि त्याची धडधड थेट टेस्ट सेक्शनमध्ये पोचते. टनेलचा आकडा नाचण्याचं सगळ्यात नेहमीचं कारण हेच, आणि दोष मागे असल्यानं तिकडे कोणी बघत नाही. शेवटी चौकोनातून गोलात नेणारा २० सेंटीमीटरचा पत्र्याचा तुकडा, मग कॅनव्हासची पट्टी आणि मग फॅन. फॅन स्वतःच्या वेगळ्या स्टँडवर हवा, म्हणजे त्याची थरथर काट्यावर येत नाही. दोन्ही बाजूंना जाळी बसवल्याशिवाय तो चालू करू नका.

वेग मोजायला ॲनिमोमीटर लागत नाही. सेटलिंग चेंबरमध्ये जाळ्यांच्या मागे आणि टेस्ट सेक्शनच्या सुरुवातीला, भिंतीत दीड मिलिमीटरची भोकं पाडा. भोकाच्या आतल्या कडेला बर (भोक पाडताना उठलेली धार) राहू देऊ नका, नखाला लागेल इतका बरही दाब चुकीचा दाखवतो. दोन्हींतल्या दाबाचा फरक गवंडी वापरतात त्या पारदर्शक लेव्हल पाइपमध्ये रंगीत पाण्यानं दिसेल. उभा पाइप ठेवलात तर सेकंदाला १३ मीटर वेगाला फरक पडतो जेमतेम १० मिलिमीटर. म्हणून पाइप तिरका ठेवा, पाच सेंटीमीटर लांबीला एक सेंटीमीटर चढ, म्हणजे तोच फरक ५० मिलिमीटर दिसतो. पाण्यात भांडी घासायच्या लिक्विडचा एक थेंब टाका, नाहीतर पाणी नळीला चिकटून राहतं.

वेग काढताना हवेची घनता पुस्तकातली १.२२५ घेऊ नका. ती १५ अंश तापमानाची आहे. आपल्याकडे ३० अंशांत, दमट हवेत ती घनमीटरला १.१५ किलोच्या आसपास भरते. फरक सहा टक्क्यांचा आहे आणि तो सगळ्या हिशोबात शिरतो.

पंख बसवायच्या आधी रिकामा टनेल तपासा. मधल्या १२ सेंटीमीटर चौरसात ३-३ सेंटीमीटरवर पिटो नळी (वाऱ्याकडे तोंड करून दाबावरून वेग दाखवणारी बारीक नळी) फिरवून २५ जागी वेग नोंदवा. दोन टक्क्यांच्या आत असेल तर पुढे जा. एका कोपऱ्यात कमी भरला तर जाळीला सुरकुती किंवा हनिकोंबच्या चेपलेल्या नळ्या असणार.

आता काटा. पंखाची रुंदी १० सेंटीमीटर, लांबी साडेएकोणीस (भिंतीला घासू नये म्हणून किंचित कमी), वेग सेकंदाला १२ मीटर धरा. लिफ्ट कोइफिशंट (पंखाच्या आकार-कोनाप्रमाणे बदलणारा लिफ्टचा गुणक) ०.६ असेल तर लिफ्ट, म्हणजे पंख वर उचलणारा जोर, साधारण १०० ग्रॅम भरते. ड्रॅग, म्हणजे मागे ओढणारा जोर, मात्र फक्त ५ ग्रॅमच्या घरात. एक ग्रॅमपर्यंतच मोजणारा काटा ड्रॅगसाठी म्हणूनच निरुपयोगी. १०० ग्रॅमचा लोड सेल (जोर मोजणारा इलेक्ट्रॉनिक सेन्सर) घेतला तरी पंख धरणाऱ्या दांडीचा ड्रॅग पंखाइतकाच भरतो. तो आधी पंख काढून, नुसत्या दांडीवर मोजून वजा करावा लागतो.

पण खरा उपाय राइट बंधूंचा आहे आणि तुमच्या विषयाला तो चपखल बसतो. त्यांनी हॅक्सॉच्या पात्यांचे आणि सायकलच्या स्पोकच्या तारेचे तराजू केले होते. लिफ्टच्या तराजूत वर पंख आणि खाली ठरावीक क्षेत्रफळाच्या सपाट पट्ट्या. पंखाची लिफ्ट तराजूला एका अंगाला ओढते, पट्ट्यांवरचा वाऱ्याचा दाब त्याला अडवतो, आणि काटा किती अंशांवर थांबतो त्यावरून दोन्हींचं गुणोत्तर मिळतं. यात वारा थोडा कमी-जास्त झाला तरी बिघडत नाही, कारण दोन्ही बाजूंना तो सारखाच बदलतो. त्या काळी वाऱ्याच्या दाबासाठी सर्रास वापरला जाणारा ०.००५ हा गुणक बराच मोठा होता, खरा आकडा ०.००३३ च्या आसपास. गुणोत्तर मोजल्यामुळे त्या चुकीची बाधा त्यांच्या तक्त्यांना झाली नाही. हे तुम्ही जसंच्या तसं करू शकता. नाचणाऱ्या डिजिटल काट्यापेक्षा परीक्षकांवर त्याची छाप जास्त पडेल.

धुराबद्दल एवढंच, उदबत्तीचा धूर सेकंदाला दोन-तीन मीटरपर्यंतच रेषेत राहतो. त्याहून जास्त वेगाला पंखावर अडीच सेंटीमीटर लांब बारीक लोकरीचे धागे सेलोटेपनं चिकटवा. कोन वाढवत नेला की मागच्या कडेचे धागे आधी फडफडतात, मग उलटे वळतात. स्टॉल, म्हणजे हवेनं पंख सोडल्यावर लिफ्ट कोसळणं, लांबूनही दिसतं.

आता दुसरी अडचण, आणि इथून इतिहास खरा लष्करी होतो. तुमच्या पंखाचा रेनॉल्ड्स नंबर (वेग, आकार आणि हवेचा दाटपणा-चिकटपणा यांचा मेळ घालणारा आकडा) निघतो ७५ हजार. खऱ्या विमानाचा काही दशलक्ष. एवढ्या कमी आकड्याला हवा पंखाचा पाठचा भाग लवकर सोडते, म्हणून तुमचा लिफ्टचा आलेख पुस्तकातल्या आलेखाशी जुळणारच नाही. तो दोष बांधणीचा नाही, आकाराचा आहे.

हे जगाला कळलं ते एका वादातून. पहिल्या महायुद्धाच्या आधी पॅरिसमध्ये गुस्ताव्ह आयफेल आणि जर्मनीत ग्योटिंगेनला लुडविग प्रांटलची मंडळी, दोघांनी साध्या गोलाचा ड्रॅग मोजला. आयफेलचा आकडा ग्योटिंगेनच्या निम्म्याहून कमी आला. चूक कोणाचीच नव्हती. १९१४ मध्ये प्रांटलनं गोलाभोवती बारीक तारेचं कडं बसवून दाखवलं की पृष्ठभागालगतचा थर खवळला की हवा गोलाला जास्त वेळ चिकटून राहते आणि ड्रॅग एकदम पडतो. आयफेलच्या टनेलमध्ये वेग जास्त होता, तिथे हे आपोआप घडत होतं. क्रिकेटच्या चेंडूची शिवण हेच काम करते. पण चेंडू घेऊन हा प्रयोग तुमच्या टनेलमध्ये करायला जाऊ नका. गुळगुळीत गोलाला त्यासाठी सेकंदाला साठ-पासष्ट मीटर वेग लागेल. त्याऐवजी पंखाच्या पुढच्या कडेपासून एक-दीड सेंटीमीटरवर अर्धा ते एक मिलिमीटर जाडीचा दोरा आडवा चिकटवा आणि ८-१० अंशांवर धागे आधी-नंतर कसे वागतात ते पाहा. प्रोफाइलप्रमाणे, म्हणजे पंखाच्या काटछेदाच्या आकाराप्रमाणे, फरक कमी-जास्त दिसेल, पण दिसेल.

आकाराची अडचण अमेरिकेत सोडवली एनएसीए या राष्ट्रीय वैमानिकी सल्लागार समितीनं (नासाची पूर्वज). १९१५ मध्ये नौदलाच्या खर्चाच्या विधेयकाला जोडून ती स्थापन झाली, वर्षाला फक्त ५ हजार डॉलरवर. इथे सरांना एक गोष्ट सांगा: एनएसीए कायद्यानं नागरी संस्था होती. लष्कर आणि नौदलाचे अधिकारी समितीवर बसायचे आणि विमानं तपासायला द्यायचे. व्हर्जिनियातली तिची लँग्ली प्रयोगशाळासुद्धा लष्कराच्या विमानतळालगत होती. बॅनरवर ‘लष्करी प्रयोगशाळा’ लिहिताना हा भेद पाळा. इंग्लंडमधलं फार्नबरो उघडच लष्करी, आधी बलून फॅक्टरी, १९१२ पासून रॉयल एअरक्राफ्ट फॅक्टरी आणि १९१८ पासून रॉयल एअरक्राफ्ट एस्टॅब्लिशमेंट. पण त्याच काळात ब्रिटिशांचं बरंचसं टनेलचं काम टेडिंग्टनच्या नागरी राष्ट्रीय भौतिक प्रयोगशाळेत चालायचं. मॉस्कोची त्सागी ही हवाई संशोधन संस्था १९१८ ची, निकोलाय झुकोव्हस्कीनं उभारलेली.

लँग्लीचा पहिला टनेल टेडिंग्टनच्या धर्तीवरचा होता आणि तयार झाला तेव्हाच मागे पडला होता. मग प्रांटलचाच शिष्य माक्स मुंक यानं वेगळी वाट काढली: मॉडेल मोठं करता येत नसेल तर हवा दाट करा. १९२२ मध्ये ८५ टनी पोलादी टाकीत टनेल बसवून हवा नेहमीच्या वातावरणाच्या २० पट दाबापर्यंत दाबली. ५ इंच रुंद पंखावर रेनॉल्ड्स नंबर तीस लाखांच्या घरात गेला. १९३३ चा ७८ प्रोफाइलचा प्रसिद्ध अहवाल इथलाच, आणि तुम्ही बहुधा ज्यातून प्रोफाइल उचलली ती चार आकडी मालिकाही त्यातलीच. पण हवा दाट झाली तरी शांत नव्हती. टनेलमधल्या खळबळीमुळे पंखालगतचा थर खऱ्या उड्डाणापेक्षा लवकर खवळायचा. म्हणून ईस्टमन जेकब्सनं कमी खळबळीच्या टनेलचा पाठपुरावा केला, आणि त्याच कामातून आलेली लॅमिनार (लगतचा थर जास्त अंतर शांत ठेवणारी) प्रोफाइल दुसऱ्या महायुद्धातल्या पी-५१ मस्टँगवर बसली. तुमच्या नरसाळ्यामागची आणि दोन जाळ्यांमागची कहाणी ही आहे. बाण इथे लावा.

लँग्लीचा १९३१ चा ३० बाय ६० फुटांचा टनेल तर अख्खं विमानच आत घ्यायचा. १९३८ मध्ये नौदलाचं ब्रूस्टर एक्सएफ२ए हे लढाऊ विमान त्यात ठेवून बाहेर आलेल्या नळ्या, फटी, हवेची तोंडं एकेक करून झाकत ड्रॅग मोजला. सुधारणांनी वेग ताशी २५० वरून २८१ मैलांवर गेला, इंजिनला हात न लावता.

तिसरी अडचण ध्वनीच्या वेगाची, ती तुमच्या टनेलमध्ये दाखवता येणार नाही, बॅनरवरच राहील. १९३५ मध्ये रोमला व्होल्टा परिषदेत आडोल्फ बुझेमाननं मागे झुकवलेल्या पंखाची कल्पना मांडली. बाहेर कोणी फारसं लक्ष दिलं नाही, पण जर्मनीत त्यावर काम चालू राहिलं. ब्राउनश्वाइगजवळ फ्योल्केनरोडच्या जंगलात दडवलेली प्रयोगशाळा १९४५ मध्ये अमेरिकनांच्या हाती लागली. अमेरिकी लष्करी हवाई दलाचा सल्लागार थिओडोर फॉन कार्मान याच्या पथकातला बोइंगचा जॉर्ज शायरर तिथली कागदपत्रं पाहून घरी पत्र लिहितो आणि बी-४७ बाँबरचे सरळ ठरलेले पंख मागे झुकतात. कार्मानच्या त्या पथकाच्या शिफारशींतून टेनेसीतलं अरनॉल्ड इंजिनिअरिंग डेव्हलपमेंट सेंटर उभं राहिलं, १९५१ मध्ये. इंजिन चाचणीची तिथली काही यंत्रं म्युनिकमधल्या बीएमडब्ल्यूच्या केंद्रातून उचलून आणलेली होती.

जर्मनीच्या पेनेम्युंडे रॉकेट केंद्राचा टनेल ४० सेंटीमीटर चौरस, तुमच्या दुप्पट, पण माक ४.४, म्हणजे ध्वनीच्या ४.४ पट वेगापर्यंत जाणारा. मोठी पोकळ टाकी आधी निर्वात करायची, झडप उघडायची आणि बाहेरची हवा काही सेकंद आत धावू द्यायची. हवा आधी कोरडी करावी लागायची, कारण माक २ लाच खोलीच्या तापमानाची हवा उणे १०० अंशांखाली जाते आणि तिच्यातल्या बाष्पाचं धुकं होऊन माप बिघडतं. ऑगस्ट १९४३ च्या ब्रिटिश बाँबहल्ल्यानंतर टनेल बव्हेरियात कोखेलला हलवला, युद्धानंतर अमेरिकी नौदलानं मेरीलँडला नेला. ही पाटी लिहाल तेव्हा एक ओळ वगळू नका: तिथे जन्मलेलं व्ही-२ रॉकेट जमिनीखाली कैद्यांकडून बनवून घेतलं जायचं आणि मिटेलबाउ-डोरा छावण्यांमध्ये सुमारे २० हजार कैदी मेले. नुसत्या यंत्राचं कौतुक करून पुढे गेलात तर परीक्षकांनी टोकावं असंच आहे.

माक १ च्या आसपास मॉडेल आणि भिंत यांच्यामध्ये प्रवाह कोंडतो. हे कोंडणं लँग्लीत जॉन स्टॅकच्या गटानं भिंतींना वाऱ्याच्या दिशेनं लांबट फटी ठेवून १९५० च्या सुमारास सोडवलं. फटींच्या त्या टनेलमध्येच रिचर्ड व्हिटकोंबला एरिया रूल (विमानाच्या काटछेदाचं एकूण क्षेत्रफळ एकदम नाही, हळूहळू बदलायला हवं हा नियम) सापडला आणि ध्वनीचा वेग न ओलांडणारं वायएफ-१०२ हे लढाऊ विमान धड आवळल्यावर डिसेंबर १९५४ मध्ये ओलांडून गेलं. ‘भिंतीचा अडथळा’ ही गोष्ट मात्र तुमच्या टनेललाही लागू आहे. मॉडेल आणि दांडी मिळून समोरून दिसणारं क्षेत्रफळ २० चौरस सेंटीमीटरच्या आत ठेवा, म्हणजे पाच टक्के. १० सेंटीमीटर रुंद पंख १२ अंशांना नेलात की ते चाळीसवर जातं, तेव्हा मोठ्या कोनांचे आकडे बॅनरवर ‘अंदाजे’ म्हणूनच लिहा.

भारताचा भाग सगळे डीआरडीओ या संरक्षण संशोधन संस्थेपासून सुरू करतात. १९५८ हे साल बरोबर आहे, पण धागा त्याआधीचा आहे आणि आपल्या जवळचा. कोल्हापूरकडचे विष्णु माधव घाटगे ग्योटिंगेनला प्रांटलकडे डॉक्टरेट करून आले. बेंगळुरूच्या भारतीय विज्ञान संस्थेत १९४२ मध्ये सुरू झालेल्या विमानविद्येच्या विभागाच्या उभारणीत ते होते, आणि वालचंद हिराचंदांनी १९४० मध्ये सुरू केलेल्या हिंदुस्थान एअरक्राफ्टमध्ये त्यांनी एचटी-२ हे प्रशिक्षण विमान घडवलं. ते १९५१ मध्ये उडालं. म्हणजे गोलाभोवती तारेचं कडं बसवणाऱ्या माणसापासून भारतीय विमानापर्यंत अंतर एका शिष्याचं आहे. बॅनरच्या मधोमध हेच असू द्या.

पुढे १९५९ ची राष्ट्रीय वैमानिकी प्रयोगशाळा, तीही सीएसआयआरची (वैज्ञानिक आणि औद्योगिक संशोधन परिषदेची), म्हणजे नागरी. तिथला १.२ मीटरचा ट्रायसॉनिक (ध्वनीपेक्षा कमी, त्याच्या आसपास आणि जास्त अशा तिन्ही वेगांचा) टनेल १९६७ चा, साठवलेली दाबाची हवा सोडून चालणारा. लढाऊ विमानं, क्षेपणास्त्रं आणि अवकाश रॉकेटं, सगळ्यांची मॉडेलं तिथे तपासली गेली. एचएफ-२४ मारुत त्याआधीचं, १९६१ चं.

अंबरनाथची एनएमआरएल जवळ आहे म्हणून बॅनरवर घालायचा मोह होईल. ती नौदलाच्या साहित्याची प्रयोगशाळा आहे, विमानांची नाही, म्हणून सोडा. प्रत्यक्ष टनेल बघायचाच असेल तर ऐरोली पूल ओलांडून पवईला आयआयटीच्या एरोस्पेस विभागाला कॉलेजच्या लेटरहेडवर पत्र द्या. एनएसीएचे जुने अहवाल नासाच्या संकेतस्थळावर फुकट आहेत, त्यातली टनेलची रेखाचित्रं छापायला उत्तम.

नेण्या-आणण्याचं शेवटी. प्रत्येक जोडाला चौकटीची फ्लँज (बोल्ट लावायला बाहेर काढलेली कड), आठ एम-६ बोल्ट आणि मध्ये फोमची पट्टी. डिफ्यूझर दोन तुकड्यांत करा, नाहीतर छोट्या टेम्पोत मावत नाही. हॉलमध्ये जोडून झाल्यावर जोडांवरून उदबत्ती फिरवा, धूर जिथे आत ओढला जाईल तिथे टेप लावा. टेस्ट सेक्शनमधला दाब बाहेरच्यापेक्षा कमी असतो, त्यामुळे झाकणाच्या फटीतून घुसलेला झोत पंखावरच येतो. भिंत तोंडासमोर एक मीटरच्या आत आली असेल तर टेबल सरकवून घ्या आणि पिटो पुन्हा फिरवा. कॉलेजातले २५ आकडे त्या हॉलमध्ये लागू होत नाहीत.